अर्ज एक की दोन

कोर्टाच्या व्हरांड्यात टाइपरायटर घेऊन बसलेल्या बाईंचा कान शेजारच्या बाकावरच्या दोघा भावांकडे लागला होता.

“दादा, जज्जसाहेब काय म्हणाले?”

“बँकेच्या वसुलीत या कोर्टाला पडता येत नाही. कर्जवसुली न्यायाधिकरणात जा म्हणाले.”

“आणि आपला नऊ वर्षांचा वाटणीचा दावा?”

“तो इथंच चालेल. घर तेवढं जाईल.”

“अप्पांनी कर्जासाठी घराचा कुठला भाग गहाण टाकला, असं बँकवाल्यानं विचारल्यावर तू माझ्या दाराकडे बोट कशाला दाखवलंस?”

“तू माझ्या दाराकडे दाखवलंस म्हणून.”

“त्यानं दोन्ही दारांना कुलूप ठोकलं.”

“ठोकणारच. बाई, न्यायाधिकरणासाठी अर्ज करून द्या.”

“दोघांचा एकच ना?”

“एकच. वर माझं नाव घाला.”

“तुझं का म्हणून वर?”

बाईंनी दुसरा कागद काढला.