पाठमोरी

रेन्टी : आई, हे उखळ बोटीत चढायचं नाही.

सॅब्रा : चढेल. मागच्या साली प्रार्थनाघर चालवणाऱ्या डीकन सँचोंची गाय चढली त्याच बोटीत.

रेन्टी : गाईला पाय होते, ती आपली आपण चढली. आणि फिलाडेल्फियात भात कांडायचाच नसतो गं. दुकानात तांदूळ मिळतो, पांढरा, पिशवीतला.

सॅब्रा : तो इथेही मिळतो. ना वास, ना चव. नुसतं पोट भरतं, जेवल्यासारखं वाटत नाही.

रेन्टी : बरं, मुसळ तेवढं ने. उखळ राहू दे.

सॅब्रा : नुसतं मुसळ नेऊन काय करू? तुझ्या बायकोला धाक घालू?

रेन्टी : तिला मुसळाची गरज नाही. अजून तुला पाहिलंही नाही, तरी तू येणार म्हणून तिनं घर धुऊन पुसून ठेवलंय.

सॅब्रा : म्हणजे शहाणी आहे. आणि धाकटी?

रेन्टी : धाकटी रोज उठली की विचारते, आजी आज येणार का. तिच्या खाटेला लागून तुझी खाट टाकली आहे. आता आटप. दुपारच्या भरतीला बोट निघेल, संध्याकाळी ब्यूफर्टला, तिथून पुढे आगगाडी. परवा मला कारखान्यात हजर व्हायचंय.

लुवीनिया : मावशी, आहात का घरात?

सॅब्रा : दुपारपर्यंत आहे. ये लुवीनिया, दारात का उभी?

रेन्टी : आता कसला निरोप घ्यायला आलीस? काल सगळं बेट येऊन रडून गेलं की.

लुवीनिया : ते मावशींसाठी रडले. तू गेलास त्या दिवशी आम्ही पोटभर जेवलो होतो.

सॅब्रा : हिचे हात रिकामे आहेत. म्हणजे तोंडात काहीतरी घेऊन आली आहे. बोल गं.

लुवीनिया : मावशी, आमची तिरसा... प्रभूच्या शोधाला लागली आहे ना ती.

सॅब्रा : मला दिसत नाही का? कपाळाला पांढरी दोरी बांधून माझ्या अंगणावरून जाते-येते. पोरींत खेळत नाही, कुणाशी बोलत नाही. अंधारात रानात जाते, आपल्या झाडाखाली गुडघे टेकते, उजाडताना परत येते. मी तिच्याकडे बघत नाही हो. शोधाला लागलेल्या लेकराकडे टक लावून बघू नये.

लुवीनिया : आज पहाटे तिला स्वप्न पडलं. तिची धर्ममाय दिसली तिला.

सॅब्रा : प्रभूची स्तुती असो. कोण दिसली?

लुवीनिया : तुम्ही.

रेन्टी : घ्या!

सॅब्रा : गप रे.

रेन्टी : गप कसा राहू? लुवीनिया, बेटावर म्हाताऱ्या काय थोड्या आहेत? नेमकी आज, बोटीच्या दिवशी, हिला माझीच आई दिसायची होती?

लुवीनिया : मी दाखवली का तिला? स्वप्नं काय मी ताटात वाढते?

सॅब्रा : भांडू नका. पोर आपली धर्ममाय निवडत नाही, रेन्टी. तिला दाखवली जाते. आणि जी दाखवली जाते तिला नाही म्हणता येत नाही.

रेन्टी : म्हणजे काय करावं लागतं?

सॅब्रा : तिची सगळी स्वप्नं ऐकायची. कच्चं वाटलं तर पुन्हा रानात पाठवायची. जीव ताळ्यावर आला की प्रार्थनाघरात वडीलधाऱ्यांसमोर उभी करायची. आणि ओहोटीच्या पाण्यात तिचा बाप्तिस्मा होईपर्यंत तिचा हात सोडायचा नाही.

रेन्टी : याला किती दिवस लागतात?

सॅब्रा : कुणाला थोडे, कुणाला वर्ष. तुला मात्र काहीच लागले नाहीत.

रेन्टी : मला झोप तर लागायला हवी होती! डासांनी फोडून काढलं होतं, स्वप्न कुठून पडणार?

लुवीनिया : कसले डास! घुबड ओरडलं आणि हा धूम पळत घरी आला. एक जोडा रानातच राहिला.

रेन्टी : हसा. हसून झालं की माझं ऐका. कपाशीला कीड लागली तेव्हाच हे बेट संपलं. धक्क्यापासून इथवर चालत आलो, एकाआड एक दाराला फळ्या ठोकलेल्या. कुणी सव्हानाला, कुणी न्यूयॉर्कला. मागच्या हिवाळ्यात आई तापानं फणफणली होती, ते मला ती बरी झाल्यावर कळलं. इथे तिच्याजवळ कोण आहे?

लुवीनिया : मी आहे. तापात मीच होते.

रेन्टी : होतीस. ते मी जन्मात विसरणार नाही. पण उद्या तूही जाशील. मग?

लुवीनिया : म्हणून तर धावत आले रे. बुधवारी प्रार्थनाघरात येऊन बघ. बाकं रिकामी. गाणं उचलून धरायला कुणी नाही. डीकन सुरू करतात आणि दुसऱ्या कडव्याला त्यांचाच डोळा लागतो. मोठ्या रस्त्यावर नवं चर्च झालंय, तिथले पाळकसाहेब म्हणतात, लेकरांना रानात कशाला धाडता, रविवारी या, हात वर करा, झालं.

सॅब्रा : ते शिकलेले आहेत, त्यांचं त्यांच्यापाशी. माझी आजी गुलाम होती, तिला मालकाच्या देवळात मागच्या कोपऱ्यात बसवायचे आणि मालकाचं ऐक एवढंच शिकवायचे. रानात गेली तेव्हा तिला प्रभू भेटला. आम्हाला तीच वाट ठाऊक.

लुवीनिया : आणि यंदा त्या वाटेला एकच लेकरू गेलं, मावशी. माझं. मी पाठवलं नाही, तिची ती उठून गेली. तुम्हीच नसाल तर ती कुणापाशी येऊन बसेल?

सॅब्रा : मी दिसले, असं तिनं स्वतः सांगितलं तुला?

लुवीनिया : हो.

सॅब्रा : कशी दिसले?

लुवीनिया : ते... म्हणजे...

सॅब्रा : म्हणजे तू स्वप्न ऐकलंस.

लुवीनिया : नाव सांगून ती गप्प बसली होती हो. मलाच राहवेना. खोदून खोदून विचारलं मी.

सॅब्रा : लुवीनिया! आईनं ऐकायचं नसतं गं. तुझ्या आईनं तुझं ऐकलं होतं?

लुवीनिया : नाही. दाराआड झग्याचं टोक तोंडात धरून बसायची, पण एका शब्दानं विचारलं नाही.

सॅब्रा : आईनं ऐकलं की लेकरू आईला आवडेल तेच बघायला लागतं. म्हणून ते धर्ममायच्या कानात घालायचं. आता झालं ते झालं. सांग. जसं ऐकलंस तसं. पदरचं घालू नको, काही गाळू नको.

लुवीनिया : खाडी होती म्हणे. पण पाणी नितळ, तळाचे शिंपले दिसत होते. बोट होती, वल्हवायला कुणी नव्हतं. तुम्ही बोटीत बसला होतात, मांडीवर बोचकं घेऊन. तिरसा काठावर उभी. तिनं तुम्हाला हाक मारली.

सॅब्रा : मी वळले?

(पेटीला दोरी आवळता आवळता रेन्टीचे हात थांबतात.)

सॅब्रा : लुवीनिया, तिला माझं तोंड दिसलं का?

लुवीनिया : नाही. तुम्ही पाठमोऱ्या होतात.

सॅब्रा : मग ती मी नव्हे.

रेन्टी : म्हणजे?

सॅब्रा : तोंड दिसावं लागतं. पाठ दिसली त्याला दिसणं म्हणत नाहीत. हिलाही ते ठाऊक आहे. पोरीचा शोध अजून पुरा झालेला नाही, एवढाच त्याचा अर्थ.

लुवीनिया : वाटेत ठरवून आले होते मी. तोंड दिसलं, असंच म्हणायचं. कोण विचारायला जाणार होतं? अगदी ओठावर आलं होतं, मावशी.

सॅब्रा : मग म्हणाली का नाहीस?

लुवीनिया : म्हणाले असते तर तुम्ही राहिला असतात. पोर तुमच्यापाशी येऊन बसली असती. पण अंधारात एकटी जाऊन बसते हो ती, चळाचळा कापत बसते. तिनं एवढ्या भिऊन मिळवायचं, आणि त्यात मी माझं खोटं मिसळायचं? नाही झालं माझ्यानं.

सॅब्रा : ये, इथे बस. पाणी पी.

रेन्टी : मग आई... आता तर काही अडचण नाही.

सॅब्रा : नाही. मोकळी झाले मी. ते बोचकं दे इकडे.

लुवीनिया : मी निघते. तिरसाला सांगते, पुन्हा जा म्हणून.

सॅब्रा : सांग. ओरडू नकोस तिला. आणि ती परत आली की लगेच खायला पुढे करू नकोस, घटकाभर तशीच बसू दे.

लुवीनिया : बरं.

सॅब्रा : आणि दोरी मळली असेल तर तूच धू. तिला सोडू देऊ नकोस.

लुवीनिया : बरं, मावशी.

रेन्टी : आई, तू गाठ मारते आहेस की सोडते आहेस?

सॅब्रा : हात थरथरतात रे आता.

रेन्टी : काल गवताची टोपली शिवत होतीस तेव्हा नव्हते थरथरत. लुवीनिया, थांब जरा. मला एक सांग. आधी पाठ दिसली, त्या माणसाचं तोंड नंतर कधी दिसतं का?

लुवीनिया : दिसतं कधी कधी. माझ्या बहिणीला आधी नुसते पाय दिसले होते, चिखलानं भरलेले. पुढे बऱ्याच दिवसांनी वर बघते तर डीकन सँचो. कधी वेगळंच कुणी येतं.

रेन्टी : आणि तो माणूस तोवर फिलाडेल्फियाला जाऊन बसला असेल तर? तिसऱ्या मजल्यावर, खिडकीखाली ट्रामची खडखड?

सॅब्रा : प्रभूला ट्रामची अडचण होत नाही.

रेन्टी : प्रभूचं नाही विचारत मी. पोरीचं विचारतोय. तोंड दिसलंच, तर ती कुणाच्या दाराशी येणार?

सॅब्रा : तू का एवढं विचारतोस? तुला तर मला न्यायचं आहे.

रेन्टी : न्यायचंच आहे. पण मोकळी झाले म्हणालीस तेव्हा तुझा चेहरा बघितला मी. कुणी घराबाहेर काढल्यासारखा झाला होता.

सॅब्रा : मला धाकटीला बघायचं आहे रे. अगदी मनापासून बघायचं आहे. तिचे केस विंचरायचे आहेत मला.

रेन्टी : ठाऊक आहे मला.

सॅब्रा : आणि रिवाजानं बघितलं तर मला इथे आता काही धरून ठेवत नाही.

रेन्टी : रिवाज राहू दे बाजूला. तुझं सांग.

सॅब्रा : माझं? मला सारखं दिसतंय, पोर पहाटे रानातून येईल, थंडीनं काकडलेली, आणि या दाराला फळ्या असतील. पुढे ती कुठल्या दाराकडे वळते ते मला दिसत नाही.

रेन्टी : मला थांबता येणार नाही, आई. परवा मी गेलो नाही, तर माझ्या जागी दुसरा उभा असतो.

सॅब्रा : तुला कोण थांब म्हणतंय? तू तुझ्या लेकरांकडे जायचंस.

रेन्टी : मग मी आजच्या बोटीनं जातो. तू बाप्तिस्मा झाला की ये. इकडून ही तुला बसवील, तिकडे मी स्टेशनवर उभा असेन.

लुवीनिया : बसवीन. रडत बसवीन, पण बसवीन.

सॅब्रा : आणि तिला दुसरीच कुणी दिसली तर?

रेन्टी : तर लवकर येशील. आम्हाला काय, बरंच आहे.

सॅब्रा : तोंडानं म्हणतोस बरंच आहे. डोळे पूस आधी. धाकटी विचारेल, आजी कुठे आहे, तर काय सांगशील?

रेन्टी : सांगेन, तिकडे एक पोर आहे, तिच्यासाठी आजी मागे राहिली. रुसेल. दोन दिवस माझ्याशी बोलणार नाही. मग पुन्हा रोज विचारायला लागेल.

सॅब्रा : तिळाच्या चकत्या ने तिच्यासाठी. फडक्यात घट्ट बांध, वाटेत सगळ्या खाऊ नकोस.

लुवीनिया : मावशी, मग तिरसाला काय सांगू? तुम्ही गेला नाहीत, एवढं तरी सांगू का?

सॅब्रा : काही सांगू नकोस. पहाटे रानातून परत येईल, तेव्हा माझ्या धुराड्यातून धूर निघताना दिसेल तिला.