सोबत मिळेल: टोपी, पिशवी आणि आरसा

नाही नाही, आधी तुमचा नंबर, तुम्ही घ्या, मला घाई नाही, आणि तुमचा डबा अजून त्या मशिनीत थडथडतोय, दहा मिनिटं तरी जातील, तोवर मला एवढंच सांगा... छत बघायला कुणी पैसे देतं का? छत. डोक्यावरचं. अहो, मी रंगारी माणूस, एकेचाळीस वर्षं लोकांची छतं रंगवली, एकेचाळीस वर्षं मान मागे टाकून वर बघत राहिलो आणि त्याचे पैसे घेतले, आणि आता रिटायर झाल्यावर आमची ही म्हणते, अहो, आपण छतं बघायला जाऊ या, नऊ दिवस, सात देवस्थानं, आणि पैसे कुणी द्यायचे, तर आपण! म्हणजे नावाड्यानं सुट्टी काढायची आणि तिकीट काढून दुसऱ्याच्या नावेत बसायचं. आता हा रिटायर झालेला रंगारी रंगाच्या दुकानात काय करतोय, असं तुमच्या मनात आलंय, दिसतंय मला तोंडावर. ते सांगतो. सगळं क्रमानं सांगतो.

तर ते सहलीचं पत्रक. आणलं तिच्या बहिणीनं, म्हणजे माझ्या मेहुणीनं, आणि मेहुणीनं आणलेला कागद मी उजेडात उलटासुलटा करून बघितल्याशिवाय हातात धरत नाही. 'प्राचीन देवस्थानांची कलायात्रा, भित्तिचित्रे, रंगवलेली छते, कोरीव दरवाजे, जाणकार मार्गदर्शकासह.' जाणकार. आता तो जाणकार आहे हे कोण म्हणतंय, तर त्याला पगार देणारे. मी संशयी माणूस नाही हां... पण विचारायला काय जातं? चष्मा लावून बारीक अक्षरं वाचली, तर तिसऱ्या देवस्थानापुढे एक चांदणी, आणि ती चांदणी शोधत शोधत पार तळाला गेलो तर तिथे लिहिलंय, 'बाहेरून'. चित्रं आत आणि आम्ही बाहेरून! मग काय भिंतीला कान लावून चित्रं बघायची? आणि त्याच्या शेजारी यादी, 'सोबत मिळेल': टोपी. ठीक, ऊन लागतं. पिशवी. ठीक, बायका बरोबर आहेत. आणि आरसा. प्रत्येकी एक आरसा.

आरसा कशाला, मला सांगा. तुम्हाला काही सुचतं? मलाही सुचलं नाही. मी म्हटलं, ज्या हॉटेलात उतरवणार तिथे आरसा नसणार, म्हणजे न्हाणीघर तरी आहे का? लावला फोन. पलीकडे एक गोड आवाजाची मुलगी, "काका, आरशाचं तिथे गेल्यावर कळेल, गंमत आहे." गंमत? तुम्हाला सांगतो, कामाच्या ठिकाणी कुणी गंमत आहे म्हणालं की समजायचं, गिलाव्याच्या आत ओल आहे. मी परत फोन केला. बस कुठली, ड्रायव्हर किती तास झोपतो, मार्गदर्शक आजारी पडला तर जाणकार दुसरा देणार की नुसता दुसरा देणार... चौथ्या फोनला ती मुलगी रिसीव्हरवर हात ठेवून कुणाला तरी म्हणाली, "तेच, प्रश्नवाले काका." मला ऐकू आलं. हात सैल ठेवला होता तिनं.

आता तुम्ही म्हणाल, एवढा त्रास तर सरळ नाही म्हणून मोकळं व्हायचं. ते झालंच होतं की! माझ्याकडे हुकमाचं पान होतं. मान. डॉक्टरांनी तीन वर्षांपूर्वी फोटो काढला मानेचा, मणके झिजलेत, म्हणाले, आता वर बघायचं नाही, पट्टा बांधा. मी म्हटलं, हे काय, डॉक्टरच नको म्हणतात, छतं कशी बघणार? आणि खरं सांगू का, ही मान मला घरात फार उपयोगी पडलीय. कारण आमच्या स्वतःच्या झोपायच्या खोलीत, बरोबर पलंगावर, छताला ओलीचा डाग आहे. परातीएवढा. पोपडे धरलेत. अकरा वर्षं. हो, रंगाऱ्याच्या घरात... हसा, दिव्याखाली अंधार म्हणतात तोच हा. दुसऱ्यांची छतं करून आलं की घरच्या छताकडे बघवत नाही हो, आणि रिटायर झालो तर मान.

पण मागच्या वर्षी हिचा पाय मोडला. पायऱ्यांवरून घसरली, प्लास्टर, तीन महिने उताणी. आणि उताण्या माणसाला दिसणार काय? तोच डाग. तीन महिने सकाळ-दुपार-संध्याकाळ तोच डाग. एकदा मी चहा घेऊन गेलो तर म्हणाली, "अहो, जगात काही छतं अशी असतात म्हणे की लोक मुद्दाम आडवं होऊन बघतात." मी म्हटलं, असतील, चहा घे. तेव्हापासून हे डोक्यात. त्यामुळे हे पत्रक आल्यावर तिनं वाद घातलाच नाही. नुसतं म्हणाली, "शनिवारी जागा पक्की करायचीय. तुम्ही नाही म्हणालात तर ताईची मैत्रीण तयार आहे." एवढंच. चाळीस वर्षं संसार केलाय, बायको भांडली तर भीती नसते, ती 'एवढंच' म्हणाली की असते.

तर शनिवारी त्यांची माहिती-सभा. हॉल, प्लास्टिकच्या खुर्च्या, चहा फुकट. फुकट चहा दिसला आणि मी हिला म्हटलं, जपून. मी संशयी माणूस नाही, पण... जाऊ दे. दिवे बंद केले आणि पडद्यावर चित्रं. ते जाणकार म्हणजे एक निवृत्त ड्रॉइंग मास्तर निघाले, हातात लांब काठी, आवाज असा खोल विहिरीतून, "आता पाहा... हे छत... चारशे वर्षांपूर्वीचं... जसंच्या तसं..." हॉलमध्ये सगळ्यांनी 'आहा' केलं. मेहुणीनं दोनदा केलं. छत मोठं होतं, खोटं नाही सांगत, अख्खं आकाश उतरवलं होतं, ढग, पंख पसरलेले देवदूत, असा निळा की मी ह्या दुकानात कधी पाहिला नाही. मी बघत होतो... आणि उजव्या कोपऱ्यातल्या ढगापाशी माझी नजर अडकली.

दाणे. बारीक रव्यासारखे दाणे. अहो, ब्रशनं मारलेल्या रंगाला रेघ असते, रोलर फिरला की दाणे उठतात, हे तुमच्या भिंतीवर हात फिरवलात तरी कळेल. आता चारशे वर्षांपूर्वी रोलर कुणाच्या बापाकडे होता? मी गप्प बसणार होतो. देवाशपथ. पण तोंड उघडलं गेलं. उभा राहिलो आणि म्हटलं, "मास्तर, मी संशयी माणूस नाही, पण विचारायला काय जातं... तो उजवीकडचा ढग कुणी मारलाय?"

दिवे लागले. सगळ्या माना माझ्याकडे. ती गोड आवाजाची मुलगी दारातच होती, तिनं कपाळावर हात मारला. मेहुणी खुर्ची सरकवून दोन वीत लांब गेली, नातं तोडल्यासारखी. मी मग आणखी बोललो, आता उभाच होतो तर. म्हटलं, हा ढग रोलरनं केलाय, वरून ब्रश फिरवून रेघा काढल्यात पण कडेला विसरलेत, आणि बाकीचं छत ओल्या गिलाव्यावर रंगवलंय, रंग आत गेलाय, म्हणून टिकलाय, ह्या ढगाचा रंग नुसता वर बसलाय, आणखी पाच वर्षांत पोपडे धरेल. मला वाटलं, आता हाकलतात. तर मास्तर काठी टेकत टेकत माझ्यापर्यंत आले आणि त्यांचा तो विहिरीतला आवाज एकदम साधा झाला. म्हणाले, "बारा वर्षांपूर्वी तिथे गळती झाली, कोपरा कोसळला, तो नवा केलाय. बारा वर्षं मी माणसं नेतोय. एकानंही ओळखलं नाही, म्हणून मीही सांगत नव्हतो. तुम्ही करता काय?" मी म्हटलं, रंगारी. तर ते म्हणाले, "मग तुम्ही आलंच पाहिजे." आता हॉलमध्ये टाळ्या. टाळ्यांवर माझा विश्वास नाही. कौतुक करणारा माणूस मागून काहीतरी विकतोच, म्हणून मी हुकमाचं पान टाकलं, "मान वर होत नाही हो, डॉक्टरांनी मनाई केलीय."

आणि मास्तरांनी पिशवीतून काय काढलं? आरसा. असा वहीएवढा. म्हणाले, "म्हणून तर देतो आम्ही. आरसा पोटाशी धरायचा आणि खाली बघायचं. छत खाली येतं." दिला माझ्या हातात. मी खाली बघितलं, आणि त्या हॉलचं छत, पंखा, कोपऱ्यातलं जळमट, सगळं आलं की हो आरशात, मान जराही न हलवता! अकरा दिवस ज्या आरशाच्या मागे लागलो होतो, त्यानंच माझं पान कापलं.

घरी येताना ही दोन पावलं पुढे चालत होती. मला वाटलं, चारचौघांत लाजवलं म्हणून रागावलीय. अर्ध्या रस्त्यात म्हणाली, "तुम्ही रंगवलेलं एकही छत मी बघितलेलं नाही. चाळीस वर्षं तुम्ही घरी आलात, हातपाय धुतलेत, जेवलात. आज दोन मिनिटं कामाचं बोललात तर अख्खा हॉल ऐकत होता. मला ताईबरोबर जायचं असतं तर मी मागेच नसते का गेले? तुम्ही शेजारी असलात तर मला कळेल, कशाकडे बघायचं ते." मला वाईट वाटलं, खोटं कशाला बोलू. दुनियेला शंभर प्रश्न विचारले, पण तुला का जायचंय गं, हे हिला विचारलंच नव्हतं. आणि ते विचारायला तर काहीच जात नव्हतं. तसाच मागे फिरलो, दोन जागा पक्क्या केल्या, पावती घेतली. ती मुलगी म्हणाली, "काका, काही प्रश्न?" मी म्हटलं, नाही. ती खुर्चीवरून उठली. खरंच उठून उभी राहिली.

इथे गोष्ट संपायला हवी होती. पण तो आरसा हिनं पर्समध्ये घालून घरी आणला ना! काल दुपारी मी पलंगावर पेपर वाचत बसलोय, तर ही आली आणि आरसा माझ्या मांडीवर ठेवला. खाली बघितलं तर आरशात डाग. परातीएवढा. अकरा वर्षांचा. म्हणाली, "चारशे वर्षांची छतं बघून मी ह्या छताखाली परत येणार नाही. निघायला बारा दिवस आहेत." मी म्हटलं, अगं मान... तर म्हणाली, "रोलरला लांब दांडा लावा. आरसा मी धरते."

तर असं आहे. आज सकाळी कोरड्या रोलरनं करून बघितलं. मी खाली बघून वर रंगवतोय, ही आरसा धरून शिकवतेय, "अहो डावीकडे... डावीकडे म्हटलं ना..." आणि आरशात डावं-उजवं काही कळेना, भिंतीवरच्या आमच्या लग्नाच्या फोटोला दोनदा दांडा लागला. मेहुणी खुर्ची घेऊन दारात बसलीय, तिनं परत दोनदा 'आहा' केलं.

झाला ना तुमचा डबा? घ्या, झाकण दाबून बघा. हां भाऊ, आता माझं. ओल रोखणारा प्रायमर द्या एक डबा, आणि छताचा पांढरा. गॅरंटी किती म्हणालात? सात वर्षं? तिकडे चारशे वर्षं टिकलंय, ते ही बघून येणार आहे, आणि मग रोज उताणी पडून ह्याच्याकडे बघणार आहे... नाही हो, मी कुठे संशय घेतोय? मी आता कुणाला काही विचारतच नाही. विचारणारी घरी आहे, आरसा घेऊन.