अडकलेल्या मेल

लॅपटॉप दुरुस्तीच्या दुकानात माझ्यापुढे एक बाई उभ्या होत्या. दुकानदार मान खाली घालून त्यांचं मशीन बघत होता.

"ताई, मशीन जुनं, सिस्टिम नवी. ती वाय-फायच्या कार्डाला ओळखच देत नाहीये. जुना ड्रायव्हर टाकतो, म्हणजे कार्ड चालेल. सिस्टिम कुणी बदलली?"

"मीच. बाबांकडे शेवटची गेले होते तेव्हा."

"मग नेट चालतंय का, बघितलं नाहीत?"

"भांडण झालं आमचं. तशीच तरातरा निघून आले."

"बाबांनी नंतर सांगितलं नाही?"

"वर्षभर बोलणंच नव्हतं. मला वाटायचं, साधी एक मेल टाकवत नाही, एवढा कसला ताठा! मागच्या महिन्यात गेले. त्यांचं सामान आवरताना हा लॅपटॉप सापडला."

"हं, लागलं बघा नेट. अरेच्चा, यात एकतीस मेल अडकून पडल्यात. त्यांनी 'पाठवा' दाबलंय, पण नेटच नव्हतं ना. त्यांना वाटलं असेल, पोचल्या."

"कुणाला पाठवल्यात?"

"पत्ता एकच दिसतोय सगळ्यांवर. थांबा, आता आपोआप सुटतायत. ताई, पर्समध्ये तुमचा फोन वाजतोय."

बाई स्क्रीनवरचा पत्ता वाचायला पुढे वाकल्या.

"बघा की, थांबतच नाहीये. कुणाला तरी फारच घाई दिसतेय तुमच्याशी बोलायची."