हाउन्सलो फार लांब आहे

हसा लेको, पण माझ्या हातून एकच परोपकार घडलाय, आणि तोही फसवताना.

लंडनच्या जुन्या गोदीत टॉवर चढत होते तेव्हाची गोष्ट. मी बोल्ट आवळायचो. वर तुळया जोडायला पीटर होता, कॅनडाचा मूळनिवासी, मोहॉक जमातीतला. त्यांच्यातली रीतच अशी, की आठवडाभर न्यूयॉर्कला लोखंडावर राबायचं आणि शुक्रवारी सगळ्यांनी एका गाडीत बसून रातोरात गावी जायचं. इथे समुद्र आडवा. तरी दर शुक्रवारी हा बॅग भरून गेटवर उभा राही.

एकदा म्हणाला, "शुक्रवारचा तो लांबचा प्रवास नाही, तर झोपच लागत नाही. सोमवारी काम सोडतो."

"अरे, माझ्या घरी चल!"

"किती लांब?"

माझं घर हाउन्सलोला, विमानतळाच्या शेजारी, जेमतेम तासाभरावर. पण त्याचा चेहरा बघून मी म्हटलं, "फार लांब रे बाबा."

कंबर मोडली होती माझी, तरी त्याला गाडीत घातलं आणि एम ट्वेंटीफाइव्हवरून लंडनभोवती अख्खा फेरा मारला, वर थोडा जास्तच. ट्रॅफिक गोगलगायीचा. पीटर डोळे मिटून पडला.

घरी बायको म्हणाली, "अहो, होतात कुठे? पिठलं गार झालं!" तेच गार पिठलं खाऊन पीटर जो आडवा झाला, तो रविवारीच उठला.

निघताना मी गालात हसत होतो. तो जांभई देत म्हणाला, "तुझ्या घराच्या वाटेत विमानतळ दोनदा लागतो. पुढच्या शुक्रवारीही त्याच वाटेने ने."