शिळा उजेड

हॅलो?

हो, मीच बोलतेय. प्रयोगशाळेतच आहे… सावकाश बोल, छोटे, रडत बोललीस तर मला काही कळत नाही. आईला काय झालंय?

दम लागलाय. कधीपासून?… औषधाचा पंप दिला? परत देऊन बघितलास?… बरं. मग निघालात ना?… बेकरीच्या गाडीतून? बरं केलंस. पावाचे ट्रे काढून टाक आणि… काढलेस? शहाणी माझी. आडवी नको गं झोपवू, बसती ठेव, पाठीला पिठाची पोती लाव. दादा आहे ना बरोबर?… हं. आता कुठे पोचलात?

पुलापाशी! मग थांबलात कशाला? पलीकडे गेलं की दवाखानाच आहे…

काय ऐकू आलं?… बोटीचा भोंगा? कुठून?… पुलाखालून. आणि नदीत बोट नाही?… नीट बघ… दिसतच नाही. पूल खाली आहे? बोटीसाठी उचललेला नाही? दिवा हिरवा?… फाटकही उघडं.

छोटे, इंजिन बंद कर.

बंद कर म्हणते ना! अगं ऐक ना… हो, हो, आईला दम लागलाय हे कळलंय मला! म्हणूनच सांगतेय. हँडब्रेक ओढ. ओढलास?… आता ऐक.

तेच. माझं तेच उजेडाचं गणित, ज्यावर आमचे साहेब भर सभेत हसले होते. दोन्ही सूर्य वर असले की ठीक, धाकटा बुडाला की एकट्या थोरल्याच्या उजेडात जोर राहत नाही. आणि अशी कडाक्याची थंडी पडली की तो उजेड सुस्तावतो. आवाजाच्याही मागे पडतो. माणसाच्या चालीनं चालतो म्हण… थट्टा नाही करत गं! जवळचं ठीक दिसतं, त्याला फार यायचं नसतं. लांबचं मात्र शिळं दिसतं. तुला पूल दिसतोय तो मघाचा. आत्ताचा नाही.

…मग फोन कसा चालतो? फोनच्या लहरी वेगळ्या असतात बाई, त्यांना थंडी बाधत नाही. आता तू माझी परीक्षा घेणार आहेस का?

आई काय म्हणतेय?… "हिचं उजेडाचं खूळ"… तिला म्हणावं तोंड मिटून श्वास घे, मला नंतर पोटभर बोल. ओठ कसे आहेत तिचे?… निळसर?… पूर्ण निळे नाहीत ना?… बरं. बरं.

हे बघ, माझी खात्री आहे का विचारशील तर… कागदावर आहे. बाहेर अजून कुणी बघितलेलं नाही. म्हणून आधी बघून घेऊ. दादाला उतरव. समोर तो दिव्याचा खांब आहे ना, तिथपर्यंत जाऊ दे. खांबाला हात लावला की ओरड म्हणावं… मी थांबलेय.

…

ओरडला? कुठून आला आवाज?… खांबापासून. आणि दिसतोय कुठे?

अर्ध्या वाटेत. अजून चालतोच आहे. देवा… नाही, घाबरू नकोस, तो ठीक आहे, तो खांबापाशीच आहे. तुझे डोळे मागे आहेत, इतकंच. म्हणजे खरंच आहे हे. खरंच आहे गं… नाही, मला आनंद नाही झाला, काहीतरी काय बोलतेस!

बोलाव त्याला परत… पुढे निघाला? कुठे पुढे?… "पूल बघून येतो"? पळत? छोटे, हॉर्न दाब! हात काढू नकोस, दाबून धर! खिडकी खाली कर आणि ओरड, पळू नकोस म्हणावं! पळणाऱ्याला सगळं एकदम, शेवटच्या पावलाला दिसतं! रस्त्यावर बर्फ आहे, तो थांबणार कसा?… दादा! अरे दादा!

…ओरडला? काय म्हणून ओरडला?… छोटे, बोल ना! त्याला विचार, तो काय…

फाटकावर आदळला. पोटात दांडा बसला… आणि फाटक उघडं दिसत होतं त्याला. बंद होतं. असू दे, पोटावरच निभावलं. पुढे काय आहे? पूल?

वर गेलाय. खाली पाणी. आणि बोट.

…तू गेली असतीस गं, भरधाव गेली असतीस… असू दे. रडू नको. मीही नाही रडत.

आई?… बोलत नाही? मान टाकलीय? गालावर चापट मार, हाक मार… डोळे उघडले? छोटे, आता वेळ घालवता येणार नाही. दादाला म्हण, पूलवाल्याला ओरडून सांग, आजारी माणूस आहे, बोट गेली की लगेच पूल उतरव… ऐकलं त्यानं? घंटा वाजतेय? छान. आता लोखंड बसल्याचा आवाज येईल. दादानं स्वतः पुलावर जाऊन पाय आपटायचा. मगच.

…

बसला? दादा पुलावर उभा आहे?… पाय वाजतोय त्याचा? फाटक उघडलंय?… मग निघ.

हो, तुला पूल वर गेलेलाच दिसणार! आत्ता कुठे तुझ्यापर्यंत तो पोचतोय. दिसू दे. समोर नदी दिसली तरी निघ… दिवे लावून काही होणार नाही, गाडी जोरात नेलीस तर दिव्यांचा उजेड तुझ्याच मागून येईल. खिडकी उघडी ठेव. दादा ओरडत राहील, त्याच्या आवाजावर गाडी ठेव. पहिला गिअर… कळतंय गं, सगळं अंग नको म्हणत असेल. माझ्यावर नको ठेवूस विश्वास. दादाचा पाय वाजतोय ना? त्याच्यावर ठेव.

मी आता गप्प बसते. तुला ऐकू यायला हवं.

…

…

लोखंड वाजतंय… वाजू दे. वाजू दे.

…

थांबलं. छोटे? का थांबलं?… हॅलो? हॅलो!

डांबर लागलं. पलीकडे?… पलीकडे आलात. आई?… आत नेली. नळी लावली… काय म्हणाली?… "पीठ लागलं साडीला"? बोलली! मग ती बरी होतेय… डॉक्टर काय म्हणतात?… वेळेत आणलं. वेळेत आणलं म्हणाले?

थांब हं जरा, इथली खिडकी उघडते. कोंडल्यासारखं झालंय. सगळ्या झडपा बंद करून बसले होते मी…

…

नाही, आहे. टेकडीवरून खालचा रस्ता दिसतोय. तुमची गाडी दिसतेय… अगं दवाखान्यापाशी नाही. अलीकडेच उभी आहे, पुलाआधी. दादा आत्ता उतरला… खांबाकडे चाललाय. खांबाला हात लावला.

ठाऊक आहे गं, तो तुझ्या शेजारी उभा आहे. ठाऊक आहे मला. त्याचा हात धर, आणि तसाच धरून ठेव… तू ठेव आता फोन, आईपाशी जा. ठेव.

…पळायला लागला. दादा… दादा, अरे थांब ना!