गोतमीचं बारावं घर

उत्कर्षा : नाही बाबा. त्या कॅमेऱ्यापुढे मी उभी राहणार नाही. विषय संपला.

रंगराव : दोन मिनिटांचं काम हाय. दारात उभं राहायचं, बास.

उत्कर्षा : मी तुम्हाला न्यायला आलेय. अमेरिका सोडली, हडपसरला घर घेतलं, तुमची खोली लावून ठेवलीये. आईला जाऊन तीन महिने झालेत, आणि तुम्हाला पिक्चर पुरा करायचाय!

रंगराव : तिचाच हाय तो पिक्चर.

उत्कर्षा : तिचा? चेतनसारखा मुलगा गेल्यावर आईचं बोलणंच थांबलं होतं. फोनवर मी नुसता तिचा श्वास ऐकायचे. अशा बाईच्या हातात कापडाचं मूल देऊन तुम्ही म्हणालात, रड! लग्नाच्या शूटिंगमध्ये नवरीच्या आईला सांगता तसं.

रंगराव : मी न्हाई सांगितलं. तिनंच मागितलं. चार महिन्यांनी पहिल्यांदा तोंड उघडलं, अन्‌ म्हणाली, “मेलेलं पोर घेऊन तथागताकडं गेलेली ती गोतमी मला करायचीय. तुम्ही शूटिंग घ्या.”

उत्कर्षा : मला कधी बोलली नाही ती.

रंगराव : तू तवा अमेरिकेत. अन्‌ फोनवर सांगण्यासारखं न्हवतं ते. तथागत गोतमीला म्हणाले ना, ज्या घरात कुणी मेलं न्हाई तिथनं मूठभर मोहरी आण, मग पोराला उठवतो? तर तुझी आई आपल्या वस्तीत खरोखर दारोदार फिरली. दर रविवारी एक घर. मी संवाद लिहून दिले होते, कुणी वाचलेच न्हाईत. शैलाबाई धाकट्या बहिणीचं सांगत बसली. भैरूनं बापाचं सांगितलं. तीस वर्षांत कधी बोलला न्हवता. अकरा घरं झाली. तिसऱ्या-चौथ्या घरानंतर तुझी आई पोटभर जेवायला लागली.

उत्कर्षा : आणि तुम्ही?

रंगराव : मी काय! लोक विहारात फुलं वाहतात, गाथा म्हणतात. चेतन गेल्यावर मी हात जोडायचो, पण डोळ्यापुढं कात्रजचा उतार अन्‌ त्याची मोडलेली गाडी. कॅमेऱ्याला डोळा लावला की तेवढा वेळ मन थाऱ्यावर यायचं. तीच माझी वंदना, पोरी.

उत्कर्षा : मग अडलं कुठे?

रंगराव : बारावं घर आपलं. ती बाहेरून दार वाजवते, तेवढं शूटिंग घेऊन झालं. दार कुणी उघडायचं, तर म्हणाली, “उत्कर्षाला सुट्टी मिळू दे.”

उत्कर्षा : डिसेंबरात येणार होते मी. प्रोजेक्ट संपेना म्हणून थांबले. आले ती आई गेल्याच्या तिसऱ्या दिवशी. तुम्ही तिला थोडं ठेवलं असतंत, तर तोंड तरी दिसलं असतं मला.

रंगराव : ठेवायला पाहिजे होतं. सगळे म्हणाले उरका, अन्‌ मी उरकलं. चुकलं माझं.

(उत्कर्षा तोंड फिरवून डोळे पुसते.)

रंगराव : रडू नको. ऱ्हाऊ दे पिक्चर. चल, पिशवी भरतो माझी.

उत्कर्षा : थांबा. काय बोलायचं असतं?

रंगराव : लिहिलेलं काही न्हाई. तिचा आवाज लावतो. येईल ते बोल.

(टीव्हीवर कॅसेट सुरू होते. पडद्यावर उत्कर्षाची आई, द्वारका, दारावर थाप देते.)

द्वारका : बाई, मूठभर मोहरी हवी होती. पण आधी सांगा, या घरातलं कुणी गेलंय का हो?

उत्कर्षा : गेलंय. भाऊ गेला माझा. आणि... आई गेली. मी नव्हते तेव्हा.

रंगराव : घेतलं. झालं, पोरी.

उत्कर्षा : बंद नका करू बाबा. (टीव्हीतल्या आईकडे वळून) खूप फिरलात हो तुम्ही, बाई. आत या, पाणी देते.