मदरबोर्डाचा ताप

आमच्या पेडण्यात काजूच्या फेणीची भट्टी लावणारे पांडूमामा आहेत. त्यांच्यासमोर मी हल्ली माझ्या इलेक्ट्रॉनिक्सच्या डिप्लोमाचं नाव काढत नाही.

झालं काय, दुसऱ्या दिवशी लेकीची ऑनलाइन परीक्षा आणि आमचा कॉम्प्युटर अचानक मेला. मदरबोर्ड काढून जेवणाच्या टेबलावर घेतला. कुठेतरी शॉर्ट आहे एवढं मीटर सांगत होता. पण बोर्डावर तिळाएवढे शंभरेक कपॅसिटर, त्यातला बिघडलेला कुठला? लेक रडकुंडीला आलेली.

तेवढ्यात मामा काजूच्या बिया द्यायला आले. सगळं ऐकून म्हणाले, "ताप खंय आसा तो बघलंस?"

"बघितला मामा, पण कुठे तापतंय ते बोटाला कळत नाही."

ते घरी गेले आणि फेणीची बाटली घेऊन आले.

"मामा, आत्ता नको."

त्यांनी लक्षच दिलं नाही. कापसाने बोर्डभर फेणी फिरवली. "आता सोड करंट. थोडोच."

मी सोडला. सगळा बोर्ड ओला चमकत होता आणि एका कोपऱ्यात तिळाएवढी जागा आमच्या डोळ्यांदेखत सुकली. तिथला कपॅसिटर मी काढून टाकला; तसला एखादा नसला तरी बोर्ड चालतो. बोर्ड पुरता वाळल्यावर सगळं जोडून बटण दाबलं, तर पंखा फिरला, स्क्रीन उजळला.

"मामा, हे शिकलात कुठे?"

"शिकूचा काय तेच्यात? गरम जाता थंय फेणी पयली सुकता. भट्टीर रोज बघतंय."

मग खुर्ची ओढून ते स्क्रीनसमोर बसले, बराच वेळ बघत राहिले आणि हळूच विचारलं, "ह्येच्यात करतत काय रे?"